विषय: उत्तर: गणपतीत कुठला मूकपट लावायचा?

ताई,
शनिवारी 'राजा हरिश्चंद्र' लावूया म्हणताय, पण तो पूर्ण उरलेलाच नाहीये हो. 3 मे 1913 ला गिरगावात कॉरोनेशन थेटरला लागला, चार रिळांचा, आज त्यातली थोडीच शिल्लक आहेत, आणि तीही मूळची का 1917 साली दादासाहेब फाळक्यांनी परत काढला त्यातली यावर अजून वाद आहे. त्यापेक्षा 'कालिया मर्दन' लावा, 1919 चा, बराचसा शाबूत आहे. कृष्ण झालीय त्यांची मुलगी मंदाकिनी, सात वर्षांची! सुरुवातीला ती साध्या वेशात कॅमेऱ्यासमोर नुसते चेहऱ्यावर एकेक भाव दाखवते, मग बघता बघता तोच चेहरा कृष्णाचा होतो. पुढे पाण्याखाली नागाशी झुंज आहे, ती बघायला पोरं जागची हलायची नाहीत.
- काका

काका,
चालेल, पण पोरांना हे पण सांगूया ना की तेव्हा बायकांची कामं पुरुषच करायचे? तारामती झाले होते अण्णा साळुंके आणि 'लंका दहन'मध्ये तर राम पण तेच आणि सीता पण तेच.
- ताई

ताई, जरूर सांगा, फक्त सगळीकडे पुरुषच होते असं नको. त्याच 1913 मध्ये 'मोहिनी भस्मासुर'त दुर्गाबाई कामत पार्वती आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी झाली होती, नाटकातल्या बायका होत्या म्हणून धजावल्या, तेव्हा काय काय ऐकून घ्यावं लागलं असेल त्यांना.
आणि प्लीज, दादासाहेबांच्या बायको सरस्वतीबाई फाळक्यांचं नाव प्रस्तावनेत सगळ्यात आधी घ्या. कोऱ्या फिल्मला कडेची भोकं नसायची, ती त्या रात्री अंधारात बसून पाडायच्या, फिल्म धुवायला मदत करायच्या, शूटिंगला पांढरी चादर धरून उन्हाचा उजेड नटांवर पाडायच्या आणि एवढं करून सगळ्या युनिटचा स्वयंपाक पण त्यांच्याचकडे. दागिने गहाण पडले ते वेगळंच. दादासाहेबांचं नाव सगळ्यांना माहितीये, या बाईंचं आपल्या मुलींना कळायलाच हवं, मला तर पूर्ण कार्यक्रमात हेच सगळ्यात महत्त्वाचं वाटतं.
सिनेमा पाऊण तासाचा आहे, त्याला आवाज नाही तेव्हा पेटी-तबला लाइव्हच ठेवू, थेटरात तेव्हा तसंच वाजवायचे. तबला माझ्याकडे आहे, पेटी कोण आणतंय ते गुरुवारपर्यंत कळवा.
- काका