समांतर विश्वातून आजीची ओवी विकत घ्यावी का?

धागाकर्ती, अंबाजोगाई:
मी लिहीत असलेल्या विज्ञानकथेचा आराखडा आमच्या वाचनगटात वाचून दाखवला, तेव्हा झालेला वाद अपुरा राहिला, म्हणून तो येथे मांडते. कथेतील कंपनी समांतर विश्वांत ध्वनिमुद्रण पथके पाठवते, तिकडच्या आणि इकडच्या कलावंतांना एकत्र बसवून गाणी तयार करते आणि ज्या विश्वात एखादे गाणे लुप्त झाले असेल तेथे ते विकते. इकडे कथेच्या नायिकेची आजी आपल्या ओव्या बरोबर घेऊनच वारली. तिकडे मात्र कोणीतरी वेळेवर टेपरेकॉर्डर घेऊन तिच्या दारी पोहोचले होते. नायिका त्या ओव्या विकत घेते.

माझ्या मते तिने त्या घ्याव्यातच. माझी आजी पहाटे ज्वारी दळताना ओव्या म्हणत असे. उजवा हात खुंट्यावर तसाच ठेवून ती डाव्या हाताने जात्याच्या तोंडात वैरण, म्हणजे मूठभर दाणे, टाकी, तेव्हा दगडाची घरघर एकदम जड होई आणि ओवीचा शेवटचा चरण त्या जडपणाबरोबर लांबत जाई. चाल मला आठवते, शब्द आठवत नाहीत. ते शब्द कोठेतरी शिल्लक असतील, तर मोल देऊन आणण्यात कसले पाप आहे?

प्रतिसाद, परभणी:
ताई, आपली तळमळ समजते, तरीही मला हे पटत नाही. जात्यावरची ओवी ही सुटी वस्तू नाही. म्हणणारी बाई तिच्यात आपल्या भावाचे, लेकीचे, नातवंडांचे नाव गुंफते. तिकडच्या आजीच्या ओवीत तिकडच्या नातीचे नाव येणार. आपण पैसे मोजून ती ओवी ऐकाल आणि नेमक्या त्या जागी, जेथे आवाज सर्वांत मऊ होतो, दुसऱ्याच मुलीला हाक मारलेली ऐकाल. हे सांत्वन आहे असे मला वाटत नाही. आणि त्या मुलीला कोणी विचारले होते का, हा प्रश्न तर उरतोच.

प्रतिसाद, नांदेड:
मी पदार्थविज्ञान शिकवतो, म्हणून एक मुद्दा थोडक्यात मांडतो. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या विचारातून ‘अनेक विश्वे’ ही कल्पना पुढे आली: क्वांटम घटनेचे सगळे शक्य निकाल विश्वाच्या वेगवेगळ्या शाखांत घडतात. तीत एकदा वेगळ्या झालेल्या शाखांमध्ये निरोपाची देवाणघेवाण होत नाही. क्वांटम यांत्रिकीची समीकरणे किंचित अरेषीय असती, म्हणजे दोन उत्तरांची बेरीज हेही उत्तरच असते हा नियम त्यांनी तंतोतंत पाळला नसता, तर असा संपर्क शक्य झाला असता, असे भौतिकशास्त्रज्ञ जोसेफ पोल्चिन्स्की यांनी १९९१ मध्ये दाखवले. कथेला एवढी फट पुरेशी आहे. ताईंनी ती एका वाक्यात सांगून पुढे जावे.

प्रतिसाद, लातूर:
परभणीच्या सरांशी मी सहमत आहे, पण माझे कारण वेगळे आहे. आपल्याकडील १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार ध्वनिमुद्रणाचा हक्क ते तयार करणाऱ्याकडे जातो, तर गाणाऱ्याला सादरकर्ता म्हणून स्वतंत्र हक्क असतो. परंपरेने आलेल्या ओवीला मात्र एक असा कर्ता दाखवता येत नाही. म्हणजे गायले आजीने आणि मुद्रणाची मालक झाली कंपनी. दोन विश्वांच्या मध्ये कोणते न्यायालय असणार? तेथे सादरकर्त्याचा हक्क नावालाच उरेल आणि दर कंपनीच ठरवील. तेव्हा आधी त्या आजीचा वाटा कथेत लिहा.

प्रतिसाद, छत्रपती संभाजीनगर:
मी ताईंच्या बाजूने आहे आणि मला आणखी मागे जावेसे वाटते. शार्ङ्गदेवांनी तेराव्या शतकात, यादव राजा सिंघण यांच्या आश्रयाला असताना, देवगिरीस ‘संगीतरत्नाकर’ हा संगीतशास्त्राचा ग्रंथ रचला. त्याचे सातही अध्याय आज वाचता येतात, पण ते संगीत त्या दरबारात प्रत्यक्ष कसे वाजत होते हे कानांनी कोणालाच कळत नाही. ज्या विश्वात १२९६ ची अलाउद्दीन खिलजीची स्वारी झालीच नाही, तेथून एक प्रबंध, म्हणजे त्या काळची बांधीव गीतरचना, ऐकायला मिळाला, तर मी माझी पुंजी खर्चीन.

प्रतिसाद, परभणी:
त्या विश्वात खुलताबाद कसे असेल, याचाही विचार व्हावा. मुहम्मद तुघलकाने १३२७ मध्ये दौलताबादेस, म्हणजे त्याच देवगिरीस, राजधानी हलवली, त्या उलथापालथीत दिल्लीचे सूफी येथे आले. समा, म्हणजे सूफींच्या भक्तिसंगीताच्या मैफली, यांवर जीव असलेले बुऱ्हानुद्दीन गरीब त्यांच्यापैकीच होते आणि त्यांचा दर्गा खुलताबादेस आहे. स्वारी पुसली की ही परंपराही पुसली जाते. तिकडचे लोक कदाचित आपली कव्वाली विकत मागत असतील!

प्रतिसाद, माजलगाव:
मला सर्वांत खटकते ते वेगळेच. टेपरेकॉर्डर घेऊन दारी पोहोचणारी माणसे याच विश्वात होती. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ या अभ्यासकांच्या पुढाकाराने खेडोपाडी फिरून एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या गेल्या; आमच्या भीमनगरातील बायकांनी बाबासाहेबांवर म्हटलेल्या ओव्या १९९६ मध्ये ध्वनिमुद्रित झाल्या. त्या ऐकायला दुसऱ्या विश्वात जावे लागत नाही. ताई, आपल्या आजीबरोबर जात्यावर समोर बसणारी कोणी असेलच. जड जाते एकटीने ओढत नाहीत.

धागाकर्ती, अंबाजोगाई:
माजलगावकरांचे शेवटचे वाक्य वाचून मी बराच वेळ काही लिहू शकले नाही. समोर माझी चुलती बसत असे. ती आज केजला लेकाकडे असते, ऐकू कमी येते, पण बोलते नीट. तिला ओव्यांबद्दल आजवर मी एकदाही विचारले नाही.

तरीही माझी नायिका ती ओवी विकत घेणार आहे, कारण तिच्यासमोर कोणी बसणारी उरलेली नाही. ओवीत दुसरीच्या नातीचे नाव येते हा परभणीच्या सरांचा मुद्दा मी कथेत घेते. ते नाव ऐकूनही ती मुद्रण बंद करत नाही, असे मी लिहिणार आहे. आजीचा वाटाही लिहीन. चुलतभावाला आत्ताच फोन केला. रविवारी सकाळच्या एसटीने केजला निघते. त्याच्या घरी दळायचे जाते नाही, पण चुलती म्हणते, खाली बसव आणि हातात काहीतरी फिरवायला दे, म्हणजे आठवेल.