कारगिलच्या वेळी तुमच्या घरी काय चाललं होतं?

घंटीवाला
परवा जुनी सायकल भंगारात दिली, घंटी तेवढी काढून ठेवली. त्यावरून आठवलं. १९९९ मध्ये मी आर्वी तालुक्यात टपाल वाटायचो. गावातली दोन पोरं फौजेत. कारगिल सुरू झालं अन् लोकं माझ्या तोंडाकडे नाही, हाताकडे पाहायले लागले. मी घंटी वाजवणंच सोडलं. एकाची माय ओसरीवर बसून राहे, तिच्या बोळीतून सायकल हातात धरून पायी जायचो.

जुलैत तिच्या नावानं तार आली. इंग्रजीत. मले अक्षरं जुळवता येत, अर्थ लागेना. कडुनिंबाखाली थैली मांडीवर घेऊन तासभर बसलो. मग मास्तरले सोबत नेलं. "बरा आहे, पत्र पाठवतो", एवढंच. तिनं मले गूळपाणी दिलं. तो तासभराचा उशीर आजवर घरीबी सांगितला नाही. तुमचं सांगा.

भद्रावतीकर
बाबा दारूगोळ्याच्या फॅक्टरीत. तेव्हा ओव्हरटाइम जोरात. बिडी-माचिस गेटवरच काढून घेत, म्हणून दिवसभर सुपारी. पैसा जास्त आला, आई खूश, बाबा जेवताना गप्प. एकदाच बोलले, "माह्या हातचा गोळा तिथं फुटलाच नाही तं?"

कपाशीवाली
आमची आजी तार आली की आधी रडून घ्यायची, मग वाचायला द्यायची. एकदा तर मामाला पोरगा झाल्याची होती 😄 २०१३ मध्ये तार बंद झाली, तोवर आजी गेली होती.

निंबाचा पार
भाऊ, दुसऱ्या पोराचं काय झालं?

घंटीवाला
तो तं झाशीले होता, भटारखान्यात. त्याची माय सगळ्यात जास्त रडे.

डवरा
कारगिल नाही, कुवेत. ऑगस्ट १९९० ले इराक आत घुसला तवा मोठा भाऊ तिथं ड्रायव्हर. मी दुसऱ्याच्या वावरात डवरणीले. ध्यान रेडिओत, डवरा कपाशीच्या तासावर जाय, मालक शिव्या घाले. भाऊ अम्मानहून विमानानं मुंबईले आला, हातात फक्त एक चादर. पगाराचं विचारायची हिंमत अजून नाही झाली. मोबाइल चार्ज नाही, बाकी रात्री.

कपाशीवाली
युक्रेनच्या वेळी सूर्यफुलाचं तेल केवढं चढलं होतं, आठवतं का?

निंबाचा पार
आमच्याकडे जवसाचं तेल, काकू. आपल्याले काय फरक पडते.

कपाशीवाली
घाण्याचं आहे का? किलोभर ठेवा माझ्यासाठी, रविवारी बाजाराला येते.