वाघूळ, वटवाघूळ, पाकोळी: नेमकं कुणाला काय म्हणायचं?

प्रश्न

आमचं गावचं घर राजापूर तालुक्यात. मे महिन्यात ओटीवर रोज सकाळी जांभळाच्या बिया आणि चघळून टाकलेला चोथा पडलेला असतो. आजी झाडू घेते आणि म्हणते, "वाघळं येऊन गेली." तिन्हीसांजेला कौलांच्या फटीतून जी इवलीइवली बाहेर पडतात, त्यांना मात्र ती वाघळं म्हणत नाही. त्या "पाकोळ्या". माझ्या मुलीच्या पुस्तकात दोन्हींना वटवाघूळ म्हटलंय. तिने आजीला सांगितलं, "पणजी, तुझं चुकतंय." आजी काही बोलली नाही, पण मला ते लागलं. म्हणून विचारते.

वाघूळ आणि वटवाघूळ यांत फरक आहे का? पाकोळी म्हणजे नक्की कोण? पक्ष्यांच्या याद्यांत तर पाकोळी हा पक्षी आहे. आणि अनेकवचन वटवाघळे की वटवाघुळे?

प्रतिसाद

शेवटचा प्रश्न आधी, कारण तो सोपा आहे. लाकूड–लाकडे, देऊळ–देवळे, तांदूळ–तांदळाचा, तसंच वाघूळ–वाघळे, वाघळाचा. तीन अक्षरी शब्दाचं पहिलं अक्षर दीर्घ असलं, तर सामान्यरूपात मधल्या ई-ऊच्या जागी अ येतो. वट हा मागाहून जोडलेला भाग, त्यामुळे वटवाघळे. वटवाघुळे छापलेलं सर्रास दिसतं, पण आजींच्या तोंडचं "वाघळं" हेच नियमाला धरून आहे.

प्रतिसाद

ताई, मुलीला सांगा की पणजीचं चुकत नाही. उलट पुस्तकात जो भेद पुसला गेला, तो पणजीच्या बोलण्यात शाबूत आहे.

संस्कृतात वल्गुली, प्राकृतात वग्गुली, त्यापासून मराठी वागूळ आणि वाघूळ. वाघाशी याचा संबंध नाही. 'ग'चा 'घ' झाला तो कानाला ओळखीचा वाघ सापडला म्हणून, असं मला वाटतं. गुजरातीत हाच शब्द वागोळ होऊन राहिला आहे आणि तो मोठ्या, फळं खाणाऱ्या जातीला वापरतात. कौलांतल्या, भिंतीतल्या लहानग्याला तिथे चामाचीडियुं म्हणतात. बंगालीतही जोडीच आहे: मोठं ते बादुड, लहान ती चामचिका. चामचिकेचं मूळ चर्मचटिका, म्हणजे कातड्याची चिमणी. किती नेमकं नाव आहे! तुमच्या आजींची वाघूळ–पाकोळी ही याच रांगेतली जोडी. शेजारच्या भाषांनी जपलेला भेद मराठीनेही जपला होता, आपल्या लिहित्या भाषेने तो सोडून दिला.

आता वटवाघूळ. वडावर लटकणारं वाघूळ ते वटवाघूळ, म्हणजे हे नाव मुळात एका विशिष्ट जातीला शोभणारं आहे. गावाबाहेरच्या वडावर, चिंचेवर, पिंपळावर दिवसाढवळ्या उघड्यावर शेकड्यांनी लटकणारी, उन्हाच्या तलखीत पंखाने वारा घेणारी, जागेवरून कचकचून भांडणारी ती. पंख पसरले की चार फुटांहून रुंद, वजन किलोभराच्या पुढे. पाठ्यपुस्तकांनी हे नाव उचलून अख्ख्या कुळाला दिलं. सगळ्या सापांना नाग म्हणावं, तसं हे झालं. भारतात या प्राण्याच्या सव्वाशेहून जास्त जाती आहेत आणि वडावर राहणाऱ्या त्यांत मूठभरच.

ओळखायचं कसं? फळं खाणाऱ्याचं तोंड कुत्र्या-कोल्ह्यासारखं लांबट, डोळे टपोरे, नाक साधं, शेपूट नाही किंवा नावापुरती. पंखाच्या दुसऱ्या बोटालाही बहुधा नखी असते. ते डोळ्यांनी आणि वासाने वाट काढतं. पाकोळीचे डोळे मण्याएवढे. ती स्वतःच काढलेल्या, आपल्याला ऐकू न येणाऱ्या आवाजाचा प्रतिध्वनी ऐकून अंधारात किडा टिपते. काहींच्या नाकावर पानासारख्या घड्या असतात, त्या या आवाजाला दिशा देतात. काहींचं नाक साधं असतं, पण कानाच्या आत एक छोटी उभी पाळी दिसते. माणसाच्या वस्तीत जास्त करून ही साध्या नाकाचीच भेटतात.

या विभागणीला एक अपवाद लक्षात ठेवा. लेण्यांत, पडक्या वाड्यांत, विहिरींच्या कमानींत राहणारं मध्यम आकाराचं एक फळखाऊ वाघूळ आहे, शास्त्रात त्याला रुसेटस म्हणतात. ते जिभेने टकटक आवाज काढून गुहेच्या काळोखात मार्ग शोधतं. म्हणजे खाणं वाघळाचं आणि राहणं पाकोळीचं. शिवाय गेल्या पंचवीसेक वर्षांत जनुकांच्या अभ्यासातून असं दिसलं आहे की घोड्याच्या नालेसारखं नाक असलेल्या पाकोळ्या नात्याने इतर पाकोळ्यांपेक्षा वाघळांना जवळच्या आहेत. तेव्हा आजींची वाटणी वंशावळीची नाही, राहणी-खाणीची आहे. रोज ओटी झाडणाऱ्या बाईला तीच उपयोगी.

प्रतिसाद

पाकोळी पक्ष्याबद्दल. घरपाकोळी, ताडपाकोळी ही नावं पक्षीमित्रांनी रुजवली आहेत, ती आता बदलू नयेत. पण घोटाळा का झाला, तो एखाद्या संध्याकाळी किल्ल्याच्या दरवाजाखाली उभं राहिलं की समजतो. त्याच कमानीत पक्षी परत येत असतात आणि त्याच वेळी वटवाघळं बाहेर पडत असतात. उजेड इतका कमी की दिसते ती फक्त फडफड. पाख, पाकळी, पाकोळी हे सगळे शब्द मला पंखाच्याच घरातले वाटतात. लोकांनी नाव प्राण्याला दिलं नाही, त्या भुरभुर उडण्याला दिलं. फरक उडण्यातच पाहा: पक्ष्याचे पंख कोयत्यासारखे ताठ, तो लांब सरकत जातो, वटवाघळातली पाकोळी दर क्षणाला वळते, गचके खाते.

लिहिताना मी 'रातपाकोळी' म्हणतो. म्हणजे घोटाळा उरत नाही.

प्रतिसाद

रातपाकोळी गोड आहे, पण नवा शब्द कशाला घडवायचा? 'कौलातली पाकोळी', 'लेण्यातली पाकोळी' असं म्हटलं तरी पुरतं. माझी हरकत घडवलेल्या शब्दांना नाही, उसन्या शब्दांना आहे. एक उदाहरण देतो.

जुन्या देवळांत, किल्ल्यांच्या कोठारांत मोठ्या कानांची एक जात राहते. दोन्ही कान कपाळावर एकमेकांना जोडलेले, नाकावर उभं पान. ती किडे खाते, शिवाय बेडूक, पाली, उंदरांची पिल्लंसुद्धा पकडते. युरोपीय अभ्यासकांनी एके काळी तिला रक्त पिणारी समजून नाव दिलं, चूक कळल्यावर त्याला 'खोटी' असं विशेषण लावलं, आणि आपण तेच उचलून मराठीत 'रक्तपिपासू वटवाघूळ' लिहितो. विशेषण तर वाटेतच गळून जातं. रक्तावर जगणाऱ्या जाती जगात तीनच आहेत आणि त्या तिन्ही मध्य व दक्षिण अमेरिकेत. आपल्या देवळातल्या बेडूक खाणाऱ्या जिवाला हे नाव चिकटवायचं आणि मग लोक धूर करून त्याला हाकलतात म्हणून हळहळायचं, हे मला सहन होत नाही. 'मोठकानी' म्हणा, 'बेडूकखाऊ' म्हणा, पण रक्तपिपासू नको.

प्रतिसाद

शब्दामुळे काय होतं, याचं कायद्यातलं उदाहरण. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात फळखाऊ वटवाघळं जवळजवळ सगळी पाचव्या अनुसूचीत होती, उंदीर, घुशी आणि कावळ्यांच्या पंगतीत. म्हणजे 'उपद्रवी', मारलं तरी गुन्हा नाही. २०२२ च्या दुरुस्तीने ती अनुसूचीच गेली. मधली पन्नास वर्षं मोहाच्या फुलांचं परागीकरण करणाऱ्या आणि वड-उंबराच्या बिया कोसभर नेऊन टाकणाऱ्या प्राण्याची सरकारी ओळख उपद्रवी हीच होती.

आमच्या बेळगावकडच्या खानापूर तालुक्यातली गोष्ट याच्या अगदी उलट आहे. तळेवाडीजवळ बारापेडे गुहा आहे, भीमगड अभयारण्याच्या हद्दीत. तिथल्या एका पाकोळीचं शास्त्रीय वर्णन १९१३ मध्ये झालं आणि रॉटन या वनाधिकाऱ्याचं नाव तिला मिळालं. पुढे कित्येक दशकं जगात तिचं हे एकच ठिकाण माहीत होतं. अलीकडे मेघालयात आणि कंबोडियात ती सापडली. तिला मात्र कायद्याने पहिल्या अनुसूचीत, वाघाच्या बरोबरीने बसवलं. मोठे कान पुढे झुकलेले, शेपटीचं टोक पडद्याबाहेर मोकळं. पुस्तकी मराठीत अशा शेपटीला 'मुक्तपुच्छ' म्हणतात. मला 'सुट्या शेपटीची' हे बरं वाटतं. आमच्याकडच्या लहान पोरालाही ते लगेच कळतं.

प्रतिसाद

बातम्या लिहिणाऱ्यांनी ही चर्चा वाचावी, असं वाटतं. महाबळेश्वरच्या एका गुहेतून २०२० मध्ये घेतलेल्या नमुन्यांत निपाह विषाणूच्या खुणा मिळाल्या आणि २०२१ मध्ये ते जाहीर झालं. खुणा प्रामुख्याने त्या गुहेत राहणाऱ्या रुसेटस जातीत होत्या. बातमी आली ती "वटवाघळांमध्ये निपाह" एवढीच. आमच्या गल्लीत लोकांनी दुसऱ्या दिवशी घराच्या वळचणीतली बिळं सिमेंटने बुजवली, आत पाकोळ्यांची पिल्लं असताना. जातीचं नाव बातमीत असतं, तर निदान विचारायला जागा राहिली असती. हाताळू नये, उष्टं फळ खाऊ नये, एवढी काळजी पुरेशी होती.

मूळ प्रश्नकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. रात्री विजेरीला लाल कापड बांधून मुलीने आणि मी ओटीवरच्या वाश्याकडे पाहिलं. दोघं लटकली होती, जांभूळ धरून. तोंड कुत्र्यासारखं, डोळे मोठे, कानांना पांढरी किनार, पंखातली बोटं फिकट. वडावरच्यापेक्षा खूपच लहान, मुठीएवढी.

आजीला विचारलं, "हीपण वाघळंच ना?" तर ती म्हणाली, "वाघळंच, पण वडावरची नव्हेत. ती अशी घरात येत नाहीत. ही माडाच्या झावळीत बसतात, ती चावून खाली वाकवतात, मग खाली छपरासारखं होतं." मुलीने सकाळी विहिरीकडच्या बुटक्या माडाखाली जाऊन पाहिलं. एक झावळ मधोमध मोडून खाली आलेली होती, आणि खाली काजूच्या तीन बिया, बोंड खाऊन टाकलेल्या.