विनोदी वेस्टर्न लघुपट सोलापूरच्या माळावर : तीन अडचणी

रीळ_सोलापूर
वीस मिनिटांचा लघुपट आहे. काळ १८७४, गाव कॅन्ससमधलं. शेरीफ आणि मार्शल, दोघांनाही एकच गुराखी डेप्युटी, म्हणजे हाताखालचा माणूस, म्हणून हवाय आणि त्याला ते नकोय. शूटिंग मे महिन्यात. अडलंय ते असं : गुराखी सरळ 'नाही जमत' म्हणून निघून का जात नाही, हे पटत नाही. माळ आपलाच दिसतो. आणि गुराख्याने फेकायचा सुती दोरीचा फास हवेतच मिटतो.

हद्दवाद
पहिल्या अडचणीतच तुमची गोष्ट दडलीय. डेप्युटी ही शपथ घेऊन होणारी नेमणूक, ती नाकारता येते. पण गुन्हेगाराच्या मागावर जाताना गावातल्या धडधाकट पुरुषांना सोबत घ्यायचा अधिकार शेरीफला होता. त्या तुकडीला पॉसी म्हणत, आणि बोलावणं नाकारणं हा गुन्हा. तेव्हा संहितेतला 'डेप्युटी' खोडा, 'पॉसी' लिहा.

आता गुराखी कात्रीत सापडतो. टेक्सासहून कॅन्ससच्या रेल्वेपर्यंत गुरं हाकायचे महिन्याला ३० ते ४० डॉलर, तेही बहुधा मुक्कामाला पोचल्यावर हातात. पॉसीत गेला तर कळप पुढे जातो, नाही गेला तर कोठडी. मग त्याने पळू नये, धडधाकट नाही हे सिद्ध करायच्या मागे लागावं. लंगडणं, बहिरेपणा, काय वाट्टेल ते.

दोघा साहेबांचं भांडणही फुकट मिळतंय. शेरीफ काउंटीचा, म्हणजे आपल्या जिल्ह्यासारख्या भागाचा, निवडून आलेला, समन्स बजावायची फी खाणारा. मार्शल गावाने नेमलेला, त्याच्या वाट्याला दारुडे आणि मोकाट कुत्री. शेरीफचा हुकूम गावातही चालतो, मार्शलचा वेशीला संपतो. तो प्रसंग वेशीवरच घ्या की ओ!

बाभूळबन
माळाचं टेन्शन घेऊ नका. वेडी बाभूळ मूळची अमेरिकेतलीच, टेक्सासच्या मेस्कीट या काटेरी झाडाची सख्खी भावकी. फड्या निवडुंगही तिकडचाच. चौकटीत हे दोन ठेवा. कडुनिंब, ऊस, ज्वारीचं धसकट आणि विजेच्या तारा दिसल्या की भांडं फुटलं. नान्नजचं माळढोक अभयारण्य मात्र सोडा, तिथे वनखात्याच्या परवानगीशिवाय पाऊल नको.

दुपारी रुंद टोपीखाली चेहरा काळाठिक्कर होतो, त्यामुळे सकाळी नऊच्या आत किंवा चारनंतर घ्या. तरी सावली पडलीच तर पांढरा थर्माकोल छातीच्या उंचीवर धरून उजेड खालून वर मारा. धुळीसाठी मुलतानी माती, आणि उडवणाऱ्याला मास्क. बिल्ला पत्र्याचा करा, कडा कानसून. मागची पिन ग्लूगनने चिकटवलीत तर मेच्या उन्हात गळून पडेल, डाख द्या.

दोरखंड
सूत टाका. घायपाताची दोरी घ्या, ज्याला आपल्याकडे केकताड म्हणतात. मेक्सिकोतले गुराखीही त्याच जातीच्या झाडाच्या दोऱ्या वापरत, म्हणजे काळालाही धरून. जाडी १० मिलिमीटर, लांबी ३० फूट. कुसळं ज्योतीवरून झरझर फिरवून जाळा आणि मेण चोळा, नाहीतर हात सोलतील.

टोकाला एक घट्ट साधी गाठ मारा. तिच्यापासून वीतभर अंतरावर दुसरी सैल गाठ, तिच्या पोटातून पहिली ओढून आवळा. जे छोटं कडं तयार होतं ते होंडा, बाकीची दोरी त्यातून ओवली की फास झाला. फास चार-पाच फूट रुंद ठेवा. हातात फास आणि मोकळी दोरी एकत्र धरायची, होंडा मुठीपासून दीड-दोन फूट खाली लोंबता. मूठ होंड्यालगत गेली की फास मिटतो. सुती दोरी नसतानाही मिटला तर कारण हेच. फिरवायचं मनगटाने, खांद्याने नाही.

माणसावर टाकायचा असेल तर होंड्याला गाठ नकोच. कडं कच्च्या दोऱ्याच्या दोन टाक्यांवर धरा, ओढ बसताच सुटलं पाहिजे. दुसरं टोक खोगिराला बांधलंत तर घोडा बुजल्यावर माणूस फरपटेल.

रीळ_सोलापूर
पॉसीचं घेतोय, संहिता अर्धी बदलावी लागणार. घोडा वरातीचा मिळतोय, चालेल?

बाभूळबन
मारवाडी किंवा काठेवाडी असेल तर कानांची टोकं आत वळून एकमेकांना भिडतात, जवळून समोरून घेतलंत की ओळखू येतो. बाजूने किंवा लांबून घ्या. आणि सेटवर ताशा-बँडचं गाणं लावू नका, नाचायला लागेल. खिल्लारही तसंच, शिंगं मागे जाऊन वर चढतात आणि टेक्सासच्या लाँगहॉर्न गुरांची आडवी पसरतात, तेव्हा धुळीतून लांबूनच. कुठलाही प्राणी पडद्यावर आणायचा तर आधी भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी काढा. अर्ज आजच टाका, मे लांब नाही.