तिसरा हवालदार घ्यावा का?

गोदाकाठ:
मराठवाड्यातल्या सहाय्यक नटाला सिनेमात तिसऱ्यांदा हवालदार मिळाला की त्याने सरळ नाही म्हणावं. नांदेडहून देवगिरी एक्स्प्रेसने मुंबईला रात्रभर प्रवास, १२ तासांची शिफ्ट, परत रात्रभर. एका दिवसाच्या कामाला तीन दिवस जातात. पैसे पुष्कळदा ९० दिवसांनी, तेही १० टक्के टीडीएस कापून. वर नट पुरवणाऱ्या कोऑर्डिनेटरच्या फोनमध्ये नंबर 'हवालदार' म्हणून सेव्ह. मग तलाठ्याची भूमिका निघाली तरी आठवण कुणाला येणार?

मधलाफड:
नाही म्हटलं की फोन दुसऱ्याला जातो, एवढंच होतं. टीडीएसचं रडगाणं नको. विवरणपत्र भरा, कर बसत नसेल तर परत मिळतो. पॅन न देता २० टक्के कापून घेतले तर दोष नटाचा.

काम वाया जातं ते एडिटला. हवालदार साहेबांपुढे चहा ठेवतो, असा साधा शॉट घ्या. मास्टरमध्ये, म्हणजे सगळा सीन दिसणाऱ्या शॉटमध्ये, 'साहेब' म्हणताना कप ठेवला आणि क्लोजमध्ये, म्हणजे जवळून घेतलेल्या शॉटमध्ये, वाक्य संपल्यावर, तर जोड बसत नाही. एडिटर साहेबांच्या चेहऱ्यावरच थांबतो, हवालदाराचा क्लोज गेला. सिंक साउंडमध्ये, म्हणजे सेटवरच आवाज रेकॉर्ड होतो तिथे, आणखी एक: नायकाच्या क्लोजला त्याच्या शेवटच्या शब्दावर आपलं वाक्य चढलं की त्याचा आवाजाचा ट्रॅक खराब. रीटेक त्याचा होतो, आपल्या क्लोजची वेळ येईपर्यंत उजेड गेलेला असतो. कप कुठल्या शब्दावर, कुठल्या हाताने, हे पक्कं असेल तर दहावा हवालदारही घ्यावा.

गोदाकाठ:
कप ठेवला नीट, पण तोंडचं वाक्य कुणाचं? 'गावरान बोला' म्हणतात आणि कागदावर असतं 'काय करतुयास'. गोष्ट साताऱ्याची असेल तर बरोबरच आहे. पण गाव परभणीकडचं दाखवायचं, आणि 'काय करायलास', 'कामून' म्हटलं की डबिंगला पुसून काढायचं?

मोंढा_नाका:
मकरंद अनासपुरेंनी हाच मराठवाडी सूर लावून छोट्या भूमिकांपासून नायकापर्यंत मजल मारली की.

गोदाकाठ:
मारली, मान्य. पण तेव्हापासून हा सूर ऐकला की लोक हसायला तयारच बसतात. बापाच्या मयतीच्या सीनला काय करायचं?

मधलाफड:
सूर एकच असतो हे कुणी सांगितलं? छत्रपती संभाजीनगरचे लक्ष्मण देशपांडे 'वऱ्हाड निघालंय लंडनला' या एकपात्री प्रयोगात एकटे ५२ पात्रं उभी करायचे, तेही बहुतेक याच मातीतली. इथे तीन हवालदार वेगळे करता येईनात? सेल्फ टेप, म्हणजे स्वतःच फोनवर केलेली ऑडिशन, मागितली की दोन पाठवा: एक कागदावर आहे तशी, दुसरी 'करायलास'वाली. आवाज मुद्दाम चढवू नका, फोन आडवा धरा, नजर लेन्सच्या किंचित बाजूला. दुसरी आवडली तर बोली शूटिंगच्या आधीच ठरते, डबिंगला वाद उरत नाही.

गोदाकाठ:
दोन टेपचं पटलं. चौथा हवालदार मात्र मी अजून घेऊ देणार नाही.