मदत हवी आहे: विंडो हँग होते, आणि बहिणीच्या मॅकवर तर उघडून लगेच मिटते

मंडळी, पायथॉन बऱ्यापैकी येतं. दोन वर्षं टर्मिनलमध्ये चालणाऱ्या छोट्या-मोठ्या स्क्रिप्ट लिहितोय. त्यातली एक घरच्यांना उपयोगी पडली: एकच फोटो फोल्डरांमध्ये दोन-तीनदा कुठे कुठे पडलाय ते शोधून देते. पण "ते काळं काहीतरी उघडलं की भीती वाटते, आम्हाला बटण दे" असा हट्ट सुरू झाला. मी विंडोजवर, बहीण मॅकवर, एक मित्र उबुंटूवर. म्हणजे तिन्हीकडे चाललं पाहिजे.

टीकिंटर (विंडो-बटणं बनवायचं साधन, म्हणजे टूलकिट) विंडोजवर पायथॉनसोबतच येतं म्हणून तेच उचललं. पहिली विंडो पंधरा मिनिटांत उभी राहिली आणि मी स्वतःवर खूश. तिथून पुढे तीन आठवडे डोकेफोड चालू आहे.

आधी 'शोधा' बटण दाबायच्या आतच शोध सुरू व्हायचा. एक संध्याकाळ त्यात गेली. बटणाच्या कमांडला फंक्शनचं नाव देताना मी पुढे कंसही टाकले होते, म्हणजे फंक्शन न देता तिथेच चालवत होतो. हे माझं मला सापडलं. पुढचं मात्र सुटत नाहीये:

बारा हजार फोटोंच्या फोल्डरवर शोध लावला की विंडो पांढरी पडते, वर 'नॉट रिस्पॉन्डिंग' येतं. प्रोग्रेस बार शून्यावर बसून राहतो आणि शेवटी एकदम शंभरवर उडी मारतो. बारची किंमत मी प्रत्येक फाइलनंतर वाढवतोय, प्रिंट करून पाहिलंय, आकडे बरोबर वाढतात!

मग कुठेतरी वाचून सगळं थ्रेडमध्ये (मुख्य कामाच्या बाजूने समांतर चालणाऱ्या प्रवाहात) टाकलं. माझ्याकडे झकास चाललं. बहिणीकडे निकालाची विंडो उघडायची वेळ आली की प्रोग्रामच मिटतो. शिवाय तिच्या स्क्रीनवर खालचं बटण अर्धं कापलेलं दिसतं.

टीकिंटर सोडून क्यूटी या दुसऱ्या टूलकिटकडे जाऊ का? की वेबपानांसारखी ॲप बनवणारं इलेक्ट्रॉन? आणि मुळात हे शिकायचं कोणत्या क्रमाने? प्रत्येक ट्यूटोरियल बटण कसं ठेवायचं ते सांगतं आणि तिथेच संपतं.

प्रतिसाद:
इलेक्ट्रॉन. एचटीएमएल-सीएसएस शिका, तिन्हीकडे सारखं दिसेल. विषय संपला.

प्रतिसाद:
संपला कसा? इलेक्ट्रॉनच्या प्रत्येक ॲपसोबत क्रोमियम हा अख्खा ब्राउझर जातो, रिकामी विंडोसुद्धा शंभर एमबीच्या वर. दोनदा पडलेले फोटो शोधायला एवढं बिऱ्हाड? आणि तिथेही लांबलचक लूप बटणाच्या फंक्शनमध्ये टाकला तर विंडो अशीच गोठते. धागाकर्त्याची अडचण टूलकिटची नाहीच.

प्रतिसाद:
वरच्यांशी सहमत. टूलकिट बदलू नका, आधी मेनलूप समजून घ्या. मीही हे उशिरा शिकलो, म्हणून जरा लांब लिहितो.

स्क्रिप्टमध्ये वरून खाली काय चालायचं ते तुम्ही ठरवता. विंडोच्या प्रोग्राममध्ये कारभार मेनलूपकडे असतो. त्याच्यासमोर रांग लागलेली असते: माउस हलला, कळ दाबली, विंडोचा हा तुकडा पुन्हा रंगवा. तो एकेक काम उचलतो, गरज पडली की तुमच्या फंक्शनला हाक मारतो आणि ते परत येईपर्यंत थांबतो. तुमचं फंक्शन बारा हजार फाइली वाचत बसलं की मागची रांग तशीच उभी. बारची किंमत वाढते हे खरं, पण बार रंगवण्याचं कामही त्याच रांगेत अडकलेलं असतं. त्याची पाळी येते तेव्हा किंमत शंभर झालेली असते. म्हणून ती उडी.

पाच मिनिटांचा प्रयोग करा. बटणाच्या फंक्शनमध्ये नुसतं पाच सेकंदांचं स्लीप टाका आणि तेवढ्या वेळात विंडोतल्या मजकुराच्या चौकटीत काहीतरी टाइप करा. अक्षरं लगेच दिसत नाहीत, स्लीप संपल्यावर सगळी एकदम उमटतात. रांग ती हीच.

लूपमध्ये मधेमधे अपडेट कॉल करा असा सल्ला तुम्हाला कुणीतरी देईलच. बार हलेल, पण त्या मधल्या क्षणी घरच्यांनी 'शोधा' पुन्हा दाबलं तर पहिल्या शोधाच्या पोटात दुसरा शोध सुरू होईल. मी यात पोळलोय.

थ्रेडची कल्पना बरोबर होती, हद्द चुकली. थ्रेडने फक्त फाइली वाचायच्या आणि निकाल क्यूमध्ये (दोन थ्रेडमधल्या सामायिक रांगेत) टाकायचे. लेबल, बार, विंडो, कशालाही हात लावायचा नाही. मुख्य बाजूला आफ्टर (इतक्या वेळाने हे फंक्शन चालव असं मेनलूपला सांगायची सोय) वापरून दर १०० मिलिसेकंदांनी क्यू रिकामी करणारं फंक्शन ठेवा, आणि शेवटी त्याने स्वतःलाच पुन्हा आफ्टरमध्ये लावायचं. मॅक याबाबत कडक आहे, विंडोचं काम मुख्य थ्रेडवरच झालं पाहिजे, नाहीतर प्रोग्राम खाली येतो. बहिणीकडे तेच झालं असणार. विंडोजवर चाललं ते नशीब.

ही शिकवणी वाया जात नाही. क्यूटीमध्येही विजेटला (बटण, बार अशा विंडोच्या भागांना) मुख्य थ्रेडमधूनच हात लावायचा, फक्त क्यूची खटपट सिग्नल-स्लॉट (क्यूटीची निरोप पोचवायची सोय) स्वतः करतात. जावाच्या स्विंगमध्ये तोच नियम इव्हेंट डिस्पॅच थ्रेड या नावाने भेटतो.

अवांतर: आधी फाइलींच्या आकारावरून गट पाडा आणि ज्यांचा आकार जुळतो त्यांचेच हॅश (फाइलीतल्या मजकुराचे ठसे) काढा. निम्मा त्रास तिथेच कमी होईल.

प्रतिसाद:
कापलेल्या बटणाबद्दल. तुम्ही प्लेस वापरून पिक्सेल मोजून बटणं ठेवलीत, बरोबर? फाँट आणि स्केलिंग प्रत्येक मशीनवर वेगळं, म्हणून तुमचा ३०० वा पिक्सेल तिच्याकडे भलतीकडे जातो. ग्रिड (ओळी-स्तंभांतली मांडणी) वापरा. ज्या ओळीने-स्तंभाने ताणायचं त्याला वेट (ताणाचा वाटा) द्या, आतल्या विजेटला स्टिकी (कोणत्या कडांना चिकटायचं ते). मग विंडोचा कोपरा धरून लहान-मोठी करून बघा. यादी ताणली पाहिजे, बटण जागेवर राहिलं पाहिजे. एकाच फ्रेममध्ये पॅक (एकामागून एक रचायची पद्धत) आणि ग्रिड मिसळू नका. हल्लीचं टीके (टीकिंटरच्या आतलं मूळ टूलकिट) तिथेच एरर देतं, पूर्वी प्रोग्राम नुसता लटकायचा.

प्रतिसाद:
क्यूटीला हरकत नाही, पण हे दोन धडे पचल्यावर. १९९५ पासूनचं आहे, मुरलेलं आहे. पायथॉनमधून जायचे दोन रस्ते: पायक्यूटी जीपीएल (कोड खुला ठेवायची अट असलेला परवाना) किंवा विकतच्या परवान्यावर, पायसाइड एलजीपीएल या त्याहून सैल परवान्यावरही मिळतं. घरगुती वापराला काही फरक पडत नाही, उद्या कोड बंद ठेवून विकायचं मनात आलं तर पडेल. प्रत्येक सिस्टिमची अस्सल बटणं हवी असतील तर डब्ल्यूएक्सपायथॉन बघा.

एक गोष्ट आत्ताच तपासा. फोल्डरांची नावं मराठीत असतील तर उबुंटूवर टीकिंटरमध्ये जोडाक्षरं तुटू शकतात. क्यूटी अक्षरं जुळवणारं हार्फबझ वापरतं, तिथे 'लक्ष्मी' लक्ष्मीसारखीच दिसते. तुमच्यासाठी टूलकिट बदलायचं खरं कारण हे ठरू शकेल.

धागाकर्ता:
सगळ्यांचे आभार. स्लीपचा प्रयोग केला आणि अक्षरं भसकन उमटली तेव्हा कुठे डोक्यात प्रकाश पडला. क्यू आणि आफ्टर लावलं, बार आता तीनही मशीनवर सरकतो. बहिणीकडे मिटत नाही. ग्रिडही जमलं. आकाराचे गट पाडल्यावर शोध इतका लवकर संपतो की बार बघायला कुणी थांबत नाही.

मित्राच्या उबुंटूवर 'नाताळ' ठीक दिसतं, 'महाराष्ट्र' मात्र तुटतं. म्हणजे पुढच्या महिन्यात पायसाइड.

दोन शंका. 'थांबवा' बटण दिलंय, पण चालू थ्रेड बाहेरून मारायचा कसा? आणि पायइन्स्टॉलरने (स्क्रिप्टची थेट चालणारी फाइल बनवणाऱ्या साधनाने) विंडोजवर बसून मॅकची फाइल बनवता येते का?

प्रतिसाद:
दुसरं आधी: नाही. पायइन्स्टॉलर ज्या सिस्टिमवर चालवाल तिचीच फाइल बनवतो. बहिणीच्या मॅकवरच बिल्ड करा.

थ्रेड मारायचा नसतो, त्याला सांगायचं असतं. पायथॉनच्या थ्रेडिंगमधला इव्हेंट (वर-खाली करता येणारा झेंडा) घ्या, 'थांबवा' दाबल्यावर तो सेट करा, आणि फाइली वाचणाऱ्या लूपने दर फेरीला तो बघून स्वतःच बाहेर पडायचं. विंडो बंद करतानाही हेच करा, नाहीतर विंडो गेली तरी मागे शोध चालूच राहील.