गॉथ लोकांवर एकांकिका लिहितेय, दुसऱ्या प्रवेशात अडलेय

कुळागरवाली (सावईवेरें, फोंडा)

नमस्कार मंडळी. आमच्या वाड्यावरच्या आम्ही बायका जत्रेला देवळाच्या मंडपात एकांकिका करतो. आजवर पौराणिकच केल्या. यंदा मी गॉथ लोकांचा विषय घेऊन बसलेय, आणि त्याला कारण झाली मिरी.

गॉथ म्हणजे जुन्या युरोपातले जर्मानिक टोळ्यांचे लोक. इ. स. ४०८ मध्ये त्यांचा राजा अलारिक यानं रोमला वेढा घातला. तो उठवण्यासाठी ठरलेल्या खंडणीची यादी वाचनात आली: ५,००० पौंड सोनं, ३०,००० पौंड चांदी, ४,००० रेशमी अंगरखे, ३,००० किरमिजी कातडी आणि ३,००० पौंड मिरी. मी मिरीपाशीच थांबले. रोमन पौंड साधारण ३२७ ग्रॅमचा, म्हणजे जवळजवळ एक टन! आमच्या कुळागरात पोफळींवर मिरवेली चढवल्या आहेत. घोस उतरवायचे, पायांनी मळून दाणे सोडवायचे, अंगणात चटईवर पसरायचे. चारपाच उन्हं खाल्ली की हिरवा दाणा काळा पडून सुरकुततो. हातांचा वास दोन दोन दिवस जात नाही. वेलीमागे दीड किलो सुकी मिरी धरली, तरी त्या खंडणीला साडेसहाशे वेली लागल्या असत्या. आणि ती इटलीत पिकत नव्हतीच. मलबारातून गलबतांत भरून तांबड्या समुद्राच्या वाटेनं तिकडं जायची. आपल्या किनाऱ्याचा दाणा रोमच्या वेशीवर तागडीत पडला, हे कळल्यापासून हा विषय मला सोडत नाही.

पहिला प्रवेश लिहून झालाय. साल ३७६, डॅन्यूब नदी. मागून हूण आलेत, पुढं रोमन हद्द. रोमन सम्राट व्हॅलेन्सनं गॉथांना आत यायची परवानगी दिलीय. पावसानं नदी फुगलेली, होड्या, तराफे, पोखरलेले ओंडके, जे मिळेल त्यात बसून रात्रंदिवस माणसं पलीकडं येतायत. बरीच बुडाली. पलीकडं आल्यावर धान्य नाही. रोमन अधिकाऱ्यांनी कुत्री गोळा केली आणि एका कुत्र्याला एक माणूस गुलाम म्हणून घेतलं. खायला कुत्रं द्यायचं आणि पोर घ्यायचं! हा प्रवेश लिहिताना मला दोनदा वही मिटावी लागली.

अडलेय ते पुढं. हेच लोक ४१० मध्ये रोम लुटतात. पाऊण तासात तीच माणसं निर्वासित आणि तीच लुटारू, हे प्रेक्षकांना पटेल कसं? शिवाय माझी मुलगी म्हणते, ‘गॉथिक’ म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढं भुताचे वाडेच येणार. त्या शब्दाचं असं का झालं?

बार्देशकार (साळगाव)

ताई, शब्दाचं मी सांगतो, कारण रोज सकाळी माझ्या खिडकीतून तो दिसतो. आमच्या साळगावची माय दे देवश इगर्ज, म्हणजे चर्च, १८७३ ची, पांढरीशुभ्र, टोकदार कमानी, वर निमुळते कळस. येणारे जाणारे तिला गॉथिक म्हणतात. तिचा आणि तुमच्या अलारिकचा संबंध काडीचा नाही. टोकदार कमानींची ती शैली फ्रान्समध्ये बाराव्या शतकात उभी राहिली, तोवर इटलीतलं गॉथांचं राज्य बुडून सहाशे वर्षं होत आली होती. पुढं रोमन घाटाची आवड असलेल्या इटालियन मंडळींनी ती ‘गॉथांची’ म्हणून हिणवली. १५५० मध्ये व्हसारी या इटालियन चित्रकार-लेखकानं तर गॉथांनी जुनं सगळं मोडलं आणि हे बेढब काम आणलं, असंच लिहून ठेवलं. म्हणजे मुळात शिवी. मग इंग्लंडात १७६४ मध्ये हॉरेस वॉलपोलची जुन्या किल्ल्यातली अद्भुत कादंबरी आली, तिच्या दुसऱ्या आवृत्तीवर ‘गॉथिक कथा’ असं छापलं, आणि तिथून हा शब्द भुयारं, पडके बुरूज आणि हालणारी चित्रं यांना चिकटला. शब्द दूर गेला, माणसं मागंच राहिली.

आणि एक. आपल्या शेजारपाजारच्या आडनावांकडं बघा. फर्नांडिस, रॉड्रिग्ज, गोन्साल्विस. ही फर्नांदो, रोद्रिगो, गोन्सालो या नावांवरून आली, आणि ती नावं जर्मानिक वळणाची, स्पेन-पोर्तुगालवर राज्य केलेल्या व्हिसिगॉथांच्या, म्हणजे गॉथांच्याच एका शाखेच्या, काळापासूनची. त्यांचा शेवटचा राजा रोद्रिगोच, ७११ मध्ये अरब सैन्यापुढं हरला. १५१० मध्ये गोवा घेणाऱ्या आल्बुकर्कचं पहिलं नाव अफोन्सो, तेही त्यातलंच.

जुनी पोथी (मडगाव)

कुत्र्यांची हकीकत खरी आहे. ती त्या काळचा इतिहासकार अम्मिआनुस मार्सेलिनुस यानं लिहिली, आणि तो रोमन सैन्यातला माणूस होता. त्यानं आपल्याच अधिकाऱ्यांची, लुपिसिनुस आणि मॅक्सिमुसची, नावं घेऊन हे सांगितलंय. दोन वर्षांनी, ९ ऑगस्ट ३७८ ला, एड्रिअनोपलला गॉथांनी रोमन फौज कापून काढली. व्हॅलेन्स मेला, त्याचं प्रेतसुद्धा सापडलं नाही.

तुमच्या दुसऱ्या प्रवेशासाठी दोन गोष्टी. अलारिक बाहेरून आलेला लुटारू नव्हता, ३९४ मध्ये तो रोमच्याच बाजूनं लढला होता. ४०८ मध्ये रोमन सेनापती स्टिलिखोला मारल्यावर रोमन सैनिकांनी इटलीतल्या शहरांमधून परक्या शिपायांच्या बायकापोरांची कत्तल केली. ते शिपाई, इतिहासकार झोसिमुस ३०,००० सांगतो, उठून अलारिककडं गेले. आणि दुसरी, जी तुम्हाला उपयोगी पडेल: त्याच झोसिमुसच्या सांगण्याप्रमाणे खंडणीनंतर रोममधले जवळजवळ सगळे गुलाम शहर सोडून अलारिकला मिळाले. आकडा ४०,०००. फुगवलेला असेल, पण गुलाम गेले यात शंका नको.

गॉथांची स्वतःची बाजू फार थोडी उरलीय. त्यांची लिपी वुल्फिलानं घडवली, आणि त्याचे पूर्वज गॉथांनी आजच्या तुर्कस्तानातल्या कप्पाडोकियातून धरून आणलेले बंदिवान होते. त्यानं केलेल्या बायबलच्या भाषांतराची जांभळ्या चर्मपत्रावर चांदी-सोन्याच्या शाईनं लिहिलेली प्रत आज स्वीडनमध्ये उप्सालाला आहे. त्यात बापाला ‘अत्ता’ म्हणतात. संवादात वापरायचा मोह होईल, पण वापरू नका, मागच्या रांगांना ‘आत्या’ ऐकू येईल.

तिसरी घंटा (पणजी)

चाळीस वर्षं हौशी रंगभूमीवर आहे, म्हणून सांगतो. निर्वासित आणि लुटारू हा पेच प्रेक्षकांना परका वाटणार नाही, फक्त तो त्यांच्या अंगणात आणायला हवा. ताई, तुम्ही फोंड्याच्या. १६८३ च्या नोव्हेंबरात पोर्तुगीजांनी फोंड्याच्या किल्ल्याला वेढा घातला आणि संभाजी महाराजांनी तो मोडला, हे आपण छाती पुढं काढून सांगतो. त्याच महिन्यात महाराजांच्या सैन्यानं जुवें बेट घेतलं, तेव्हा पोर्तुगीज विजरई (व्हाइसरॉय) कोंदी द आल्व्होर यानं घाबरून सेंट फ्रान्सिस झेवियरच्या शवपेटीत आपला राजदंड ठेवला. महिना एकच. बंगालात अजून आया पोरांना बर्गीची भीती घालून निजवतात, आणि ते बर्गी म्हणजे नागपूरकर भोसल्यांचे घोडेस्वार. ज्याच्या वेशीवर घोडा आला, त्याच्या अंगाईत आपणच गॉथ. हे संवादातून सांगू नका, एखाद्या म्हातारीला अंगाई म्हणू द्या, पुरे.

अलारिकच्या दफनाचा प्रवेश घालू नका. नदीचा प्रवाह वळवून पात्रात राजाला पुरलं आणि खणणाऱ्यांना मारून टाकलं, ही हकीकत इतिहासकार जोर्दानेसनं जवळपास दीडशे वर्षांनी लिहिली, जर्मन कवींनी ती डोक्यावर घेतली. दिसायला भव्य आहे. पण तुमची गोष्ट राजाची नाही.

कुळागरवाली (सावईवेरें, फोंडा)

जुनी पोथी, ते ४०,००० गुलाम वाचले आणि रात्री झोप लागली नाही. ३७६ ते ४०८, बत्तीस वर्षं. नदीकाठी कुत्र्याच्या बदल्यात दिलेली आठ वर्षांची मुलगी तेव्हा चाळिशीची असणार, रोममध्ये कुणाच्या तरी स्वयंपाकघरात. दुसरा प्रवेश तिथंच सुरू होतो. मालकीण खंडणीसाठी घरातली मिरी काढायला सांगते, ही ती मोजून पोत्यात भरते, पोतं डोक्यावर घेऊन वेशीपर्यंत जाते, आणि परत येत नाही. एवढंच. रोमची लूट रंगमंचावर दाखवणारच नाही.

घंटावाले काका, अंगाई घेतली. पहिल्या प्रवेशात आई म्हणते ती हूणांची, दुसऱ्यात मालकीण तिच्या बाळाला म्हणते ती गॉथांची. चाल एकच.

तागडी आमच्याच कोठीतली जुनी आहे. मिरीही घरचीच वापरणार, खोटे दाणे नकोत. पोतं उघडलं की पहिल्या दोन रांगांना वास गेला पाहिजे. यंदाची अजून अंगणात वाळतेय.